ऑरिन परत आला तो हंगाम

कोच टेल्स्ट्रॉम ऑरिन हाउगेनला आणायला निघाले तेव्हा गाडी मी चालवत होतो. त्रेपन्न सालचा ऑगस्ट. कोचची गाडी दुरुस्तीला गेलेली आणि माझ्या वडिलांचा ट्रक मोकळा होता, एवढंच माझ्या सोबत जाण्याचं कारण. नॉर्बी कॉलेजच्या फुटबॉल संघातलं माझं ते दुसरं वर्ष. नाव व्हर्लिन, पण सगळे आडनावानंच, स्टकी म्हणून हाक मारायचे.

रस्ताभर कोच नव्या नियमावर चिडचिड करत होते. त्याआधी चढाईला वेगळे अकरा आणि बचावाला वेगळे अकरा उतरवता यायचे. आता जो मैदानात असेल त्यानंच दोन्ही करायचं. दमला म्हणून बाहेर काढला, तर सहजी परत आत घेता यायचं नाही. मोठ्या विद्यापीठांकडे दणकट माणसांचा तुटवडा नव्हता. आमच्याकडे होते ते निम्मे चर्चचे पास्टर व्हायला आलेले आणि उरलेले मास्तर व्हायला.

"मला पूर्ण सामना उभा राहील असा माणूस हवाय," कोच म्हणाले. "पोरं नकोत. माणूस."

ऑरिन गोठ्यात होता. आमच्याकडे पाठ, डोकं गाईच्या कुशीला टेकलेलं.

"कोच, जरा थांबा," तो न वळताच म्हणाला. "ही नव्या माणसाला बिथरते."

आम्ही दारातच थांबलो. त्याला मी याआधी एकदाच पाहिलं होतं, पन्नास सालच्या सप्टेंबरात. मी तेव्हा शाळेत होतो आणि तो नॉर्बीचा क्वार्टरबॅक. क्वार्टरबॅक म्हणजे ज्याच्या हातात दर वेळी चेंडू येतो आणि पुढं काय करायचं ते जो ठरवतो. तो चेंडू फेकायचा तेव्हा माणसं खाली बसायचंच विसरत. लांबोळका चेंडू हातातून सुटला की स्वतःभोवती गिरकी घेत जायचा, जराही डुलायचा नाही, आणि मक्याच्या शेताच्या बाजूनं धावणाऱ्याच्या ओंजळीत अलगद उतरायचा. पहिले तीन सामने नॉर्बीनं असे जिंकले. मग त्याला बोलावणं आलं. कधीतरी मित्रांबरोबर मजेत राखीव सैन्यात नाव घातलं होतं, ते आता लागू झालं. कोरियातल्या डोंगरावर पहिल्याच हिवाळ्यात त्याचा उजवा हात गारठून गेला. करंगळी आणि तिच्याशेजारचं बोट पूर्ण गेलं, मधलं अर्धं राहिलं. एक्कावन्न सालच्या शरदात तो या शेतावर परत आला आणि तेव्हापासून नॉर्बीत फिरकला नव्हता. शेतापासून नॉर्बी चाळीस मैलांवर.

बादली उचलून तो वळला. उजवा हात त्यानं बादलीमागं धरला होता.

"मला फेकता येत नाही, कोच."

"तुला फेकायला कोण सांगतंय? फेकायला प्रोखास्का आहे. मला सेंटर हवाय."

सेंटर ओळीच्या मधोमध वाकून बसतो, दोन पायांमधून चेंडू मागं क्वार्टरबॅकच्या हातात देतो आणि पुढच्या क्षणी समोरच्याची धडक छातीवर घेतो. ऑरिनला सेंटर हो म्हणणं म्हणजे चर्चमध्ये ऑर्गन वाजवणाऱ्याला मागं जाऊन भाता मार म्हणण्यासारखं होतं. मला वाटलं, हा आता बादली खाली ठेवेल आणि आम्हाला हाकलेल.

त्यानं बादली खाली ठेवली. "चेंडू आणलाय?"

अंगणात कोंबड्या फिरत होत्या. त्यांच्यामध्ये तो वाकला, कोच त्याच्यामागं उभे राहिले आणि चेंडू फट्दिशी त्यांच्या तळव्यांवर बसला. अडीच बोटं नसलेल्या हाताचा वाटला नाही. पुन्हा केलं. पुन्हा. त्याची आई पायरीवर उभी राहून बघत होती.

"त्याला घेऊनच जा," ती कोचना म्हणाली. "दोन वर्षं झाली, हा माझ्याशी, बापाशी आणि गाईंशीच बोलतोय. त्यातही गाईंशी जास्त."

सराव सुरू झाला तेव्हा ऑरिन पंचविशीला टेकला होता आणि आम्ही अठरा-एकोणीसचे. दुसऱ्याच दिवशी त्याचं नाव 'आजोबा' पडलं. ते पाडलं ड्वेन प्रोखास्कानं. ड्वेन आमचा क्वार्टरबॅक. हात सोन्याचा, जीभ तिखट. त्याच्या बापाचं ओमाहा शहराच्या बाजूला खाटकाचं दुकान होतं आणि आपण नॉर्बीसारख्या आडगावात येऊन उपकार केलेत अशा थाटात तो वावरायचा. ऑरिनच्या हाताकडे तो पहिल्या दिवसापासून बघायचा, आणि बघतोय हे लपवायचाही नाही.

"आजोबा, चेंडू द्यायचाय. दूध नाही काढायचं."

"तुझे हात आधी नीट लाव," ऑरिन वाकलेल्या अवस्थेतच म्हणाला. "दूध काढताना गाय तरी हलत नाही."

आम्ही हसलो. ड्वेनचे कान लाल झाले.

मी ऑरिनच्या डाव्या बाजूचा गार्ड. दर वेळी माझा खांदा त्याच्या खांद्याला लागून असायचा. त्यामुळे त्याचं जे काही कळलं ते मला आधी कळलं. उदाहरणार्थ, सेंटरला आपल्याच संघाचा फेकलेला चेंडू कधी दिसत नाही. चेंडू दिला की त्याचं डोकं समोरच्याच्या पोटात. वरून काय गेलं, कुठं गेलं, कोणी झेललं, सगळं तो प्रेक्षकांच्या आवाजावरून ओळखतो. ऑरिन मात्र आवाजावर भागवायचा नाही. मातीतून तोंड वर काढलं की पहिला प्रश्न, "कसा गेला?"

"झेलला," मी म्हणायचो.

"झेलला ते ऐकू आलं. गेला कसा?"

हे मला सांगता यायचं नाही. मग तो ड्वेनलाच विचारू लागला. पहिला सामना आम्ही हरलो. परतीच्या बसमध्ये तो उठून ड्वेनच्या शेजारी जाऊन बसला. आम्हाला वाटलं, आता जुंपणार.

"तिसऱ्या भागात तो उजवीकडचा लांबचा. कसा गेला?"

"मस्त गेला," ड्वेन म्हणाला. "तो झेलणारा गाढव पडला म्हणून हुकला."

"मस्त म्हणजे?"

"मस्त म्हणजे मस्त. आजोबा, झोपा आता."

"सुटताना अंगठा खाली होता का वर?"

ड्वेन खिडकीकडे बघत म्हणाला, "वर. थोडा डुलला. त्याच्या मागं पडला."

"मग तो गाढव नाही," ऑरिन म्हणाला आणि आपल्या जागेवर येऊन बसला.

त्यानंतर परतीच्या प्रत्येक प्रवासात दोघं शेजारी बसू लागले. ड्वेन एकेक फेक सांगायचा, ऑरिन डोळे मिटून ऐकायचा. आधी ड्वेन फुशारकी मारायचा, पण पुढं पुढं खरं सांगायला लागला. आणि खरं सांगायला लागला तसा चांगलाही खेळायला लागला. आम्ही ओळीनं तीन सामने जिंकले.

लुएला ब्रांटबद्दल मला कोणी काही सांगितलं नव्हतं. ती गावातल्या शाळेत संगीत शिकवायची. घरच्या मैदानावरच्या प्रत्येक सामन्याला यायची, हिरवा कोट घालून, आणि तिच्याशेजारी क्लेटन रूड असायचा. रूड मंडळींची गावाबाहेर धान्याची कोठारं होती. दोघांचं लग्न ठरलेलं होतं, डिसेंबरात. क्लेटन भला माणूस. पाऊस आला की आधी तिच्या आईच्या डोक्यावर छत्री धरायचा.

तिसऱ्या विजयानंतर चर्चच्या तळघरात जेवण होतं. बायका टेबलांमागं उभ्या राहून वाढत होत्या, आणि कॉफीच्या किटलीपाशी लुएला होती. ऑरिन रांगेत माझ्या पुढं. ताटली डाव्या हातात, उजवा हात जाकिटाच्या खिशात.

"कप कशात धरणार आहेस?" तिनं विचारलं.

"ताटली ठेवून परत येतो."

"ऑरिन."

तो थांबला. मागची रांगही थांबली. तिनं किटली खाली ठेवली.

"मला कळायला वर्ष लागलं. तू परत आलायस हे माझ्या विद्यार्थ्याच्या आईनं सांगितलं, बाजारात, टोमॅटो निवडता निवडता. मला एकच विचारायचंय. रस्ता बंद होता का?"

"नाही," तो म्हणाला. "रस्ता उघडाच होता."

"बरं."

तिनं कप भरला, त्याच्या ताटलीत मधोमध ठेवला आणि माझ्याकडे बघून म्हणाली, "तुला साखर?"

आम्ही भिंतीकडच्या टेबलावर बसलो. तो जेवला नाही. मग म्हणाला, "दवाखान्यात पडल्या पडल्या मी ठरवायचो. गाडीतून उतरलो की थेट हिच्या दाराशी जायचं. काय बोलायचं तेसुद्धा ठरलेलं. मग उतरलो, आणि वाटलं, आधी हात जरा बरा दिसू दे."

"मग?"

"बरा दिसला नाही."

मी तेव्हा एकोणीस वर्षांचा होतो. मी त्याच्या ताटलीतला केक खाल्ला. तो सफरचंदाचा होता आणि वाया जाणार होता.

ऑक्टोबरच्या शेवटी माजी विद्यार्थ्यांचा शनिवार आला. आदल्या संध्याकाळी मैदानावर मोठी शेकोटी पेटवली, सकाळी रस्त्यावरून बॅंड गेला. पन्नास सालच्या संघातले सात-आठजण आले होते. लांब कोट, फेल्ट हॅट, एकाच्या खांद्यावर लेक. कोणी विम्याच्या कंपनीत, कोणी शाळेत, कोणी सासऱ्याच्या दुकानात. सामन्याआधी ते ऑरिनभोवती जमले आणि पाठीवर थापा मारू लागले.

"हाउगेन, अजून पास नाही झालास?"

"अरे, याला मागं ठेवलाय. चेंडूची राखण करायला."

फोटो काढायचा ठरला. त्यांनी त्याला मधोमध उभा केला. हे सगळे कोटात, आणि हा खांद्यांवर पट्टे बांधलेला, गुडघ्यापर्यंत चिखलात. फोटो निघाला आणि ते प्रेक्षकांत जाऊन बसले. ऑरिन तिथंच उभा राहिला, त्यांच्या पाठमोऱ्या कोटांकडे बघत.

"मला वाटायचं, ते इथंच असतील," तो मला म्हणाला. "मूर्खपणाच आहे. पण शेतावर मी जेव्हा जेव्हा या मैदानाचा विचार केला, तेव्हा हेच होते. लुंडचे बूट, कारस्टेनचं ओरडणं. तुम्ही पोरं मला दिसलाच नाहीत कधी."

"मग आता?"

"आता तुम्हीच आहात की. चल, शिटी झाली."

तो सामना आम्ही जिंकला, पण जुन्यांपैकी निम्मे शेवटापर्यंत थांबले नाहीत. लांब जायचं होतं त्यांना.

मग नोव्हेंबर लागला. पहिल्याच शनिवारी घरच्या मैदानावर पाहुणा संघ आडदांड होता, नदीपलीकडच्या खाणींच्या गावांतला. तिसऱ्या भागाच्या शेवटाला त्यांचे दोघं ड्वेनवर एकदम पडले. तो उठला तेव्हा त्याचा फेकायचा खांदा भलत्याच जागी होता. तोंडातून शब्द काढत नव्हता, आणि ड्वेन गप्प म्हणजे दुखणं मोठं हे आम्हाला कळलं. दुसरा क्वार्टरबॅक गालगुंडं होऊन घरी पडला होता. आम्ही एका गोलानं मागं.

कोच रेषेपाशी उभे होते. त्यांनी सगळ्यांवरून नजर फिरवली आणि ती ऑरिनवर थांबली.

"स्टकी, तू सेंटर," ते म्हणाले. "हाउगेन, तू मागं जा."

ऑरिननं नाही म्हटलं नाही. हेल्मेटचा पट्टा सोडून परत घट्ट केला.

मी चेंडूवर वाकलो. आयुष्यात पहिल्यांदा त्याचे हात माझ्यामागं आले. डाव्या हाताचा पंजा पूर्ण, उजव्याचा अर्धवट. मग त्यानं आकडे पुकारायला सुरुवात केली आणि तो आवाज ऐकून मी चमकलो. असा आवाज मी त्याच्या तोंडून ऐकलाच नव्हता. गोठ्यात नाही, बसमध्ये नाही. प्रेक्षकांत कोणीतरी मोठ्यानं त्याचं नाव घेतलं आणि मग सगळे गप्प झाले.

सुरुवातीला त्यानं फेकलाच नाही. चेंडू घ्यायचा, धावणाऱ्याच्या पोटाशी द्यायचा. चार यार्ड, तीन यार्ड, पाच. आम्ही रांगत रांगत त्यांच्या अर्ध्यात शिरलो. घड्याळ संपत आलं. मग आमच्या घोळक्यात तो ओळीच्या टोकाला उभं राहून फेक झेलणाऱ्या पोराला म्हणाला, "तू डावीकडून सरळ पळ. मागं बघू नकोस. मी देतो."

कोणी कोणाकडे बघितलं नाही.

मी चेंडू दिला आणि समोरचा माझ्यावर आला. तो इतका जड होता की मी पाठीवर पडलो आणि मला आकाश दिसलं. राखाडी, सपाट. तेवढ्यात त्या आकाशातून चेंडू गेला. सेंटरला दिसत नाही तो चेंडू मला दिसला, तेवढ्या एका वेळी. सुटताना तो फिरत होता. खरंच फिरत होता, डुलत नव्हता. मग उंचीवर पोचता पोचता त्याचं टोक हललं, एकदा, दोनदा, आणि तो मरगळल्यासारखा खाली वळला. पुढचं मला दिसलं नाही, पण ऐकू आलं. ओरडले ते पाहुणे.

त्यांच्या माणसानं तो मधेच झेलला होता. सामना तिथंच संपला.

मी उठलो. ऑरिन होता तिथंच उभा होता, हात अजून पुढं. चेहऱ्यावर काय होतं ते मी बरीच वर्षं आठवून बघितलंय. दुःख होतं, पण नुसतं दुःख नव्हतं.

"आखूड पडला," तो म्हणाला. "निम्मासुद्धा गेला नाही."

"सुटताना छान होता. मी पाहिला."

"हो ना?" तो म्हणाला. "मलाही वाटलं."

लोक पांगले. मी बाकावर बसून घोट्याची पट्टी सोडत होतो आणि ऑरिन माझ्या शेजारी. लुएला रेषा ओलांडून आली. फाटकाबाहेर क्लेटन गाडीपाशी थांबला होता. तिनं माझ्याकडे एकदा पाहिलं; मी उठायला लागलो तर म्हणाली, "बस तू. पाय सुजलाय तुझा."

मग ऑरिनला म्हणाली, "तीन वर्षं मी एकच दृश्य आठवत होते. तू हात मागं घेतोस आणि सगळे श्वास धरतात. तुझ्यावर मी रागावले होते, पुष्कळ रागावले होते. पण ते बघायचं होतं मला परत."

"मग निराशा झाली असेल."

"नाही," ती म्हणाली. "निराशा तू टोमॅटोंच्या वेळी केलीस."

तो हसला. ती पण हसली. मग दोघांचं हसू एकदमच ओसरलं.

"लुएला," तो म्हणाला, "मी त्या वेळी आलो असतो तर—"

"ते विचारू नकोस. मी होय म्हणेन अशी मला भीती नाही वाटत. क्लेटन मला आवडतो, आणि मी त्याला शब्द दिलाय. पण तुला उत्तर देताना मला फार वाईट वाटेल, आणि मला सोमवारी तीस मुलांना गाणं शिकवायचंय."

त्यानं मान हलवली. तिनं वाकून त्याचा उजवा हात दोन्ही हातांत घेतला, हातमोजा न घातलेला, चिखलानं भरलेला, आणि जरा वेळ धरून ठेवला. थंडी वाजणाऱ्या मुलाचा धरावा तसा. मग कोटाला हात पुसत ती फाटकाकडे गेली. क्लेटननं दार उघडून धरलं होतं. त्यानं ऑरिनला टोपी काढून सलाम केला, आणि ऑरिननंही हात वर केला.

सोमवारी कोचनी त्याला सांगितलं, "प्रोखास्का बरा होईपर्यंत मागं तूच."

"नको. सेंटरलाच ठेवा."

"तुला फेकायला लावणार नाही. नुसता चेंडू वाट."

"त्यासाठी नाही, कोच," ऑरिन म्हणाला. "मागं उभं राहिलं की सगळं मैदान दिसतं. कोण कुठं मोकळा आहे, कुणाला कुठं द्यायला हवा, सगळं. आणि मला ते दिसूनही देता येत नाही. खाली वाकलेलं असलं की निदान काम तरी होतं."

कोचनी जास्त ताणलं नाही. गालगुंडं उतरलेला पोरगा मागं उभा राहिला आणि पुढचा सामना आम्ही हरलो. त्या आठवड्यात ड्वेन हात गळ्यात बांधून सरावाला यायचा आणि पूर्ण वेळ ऑरिनच्या मागं उभा राहून त्या पोराला सूचना द्यायचा. "आजोबांना घाई करू नकोस. हात आधी लाव, मग आकडे. ते हलत नाहीत, तूच हलतोयस."

शेवटचा सामना ग्रॅंथमशी, त्यांच्या गावात. सकाळपासून बर्फ. ड्वेन खेळला, खांद्याला चामड्याचा पट्टा बांधून. चेंडू साबणासारखा निसटत होता. त्यांनी एक गोल केला, आम्ही एक केला, आणि मग दोन्ही संघ पांढऱ्या चिखलात नुसते घसरत राहिले. बरोबरीत सुटला. बसमध्ये कोणी गायलं नाही आणि कोणी रडलंही नाही. ऑरिन ड्वेनच्या शेजारी बसला होता, पण त्या दिवशी लांबची फेक एकही झालेली नव्हती, सांगण्यासारखं काही नव्हतं. थोड्या वेळानं ड्वेन झोपला आणि त्याचं डोकं ऑरिनच्या खांद्यावर कलंडलं. ऑरिननं खांदा हलवला नाही. बाहेर कापून नेलेल्या मक्याचे बुंधे बर्फातून वर आलेले होते, मैलोन्‌मैल, आणि तो त्यांच्याकडे बघत होता.

डिसेंबरात लुएलाचं लग्न झालं. आमच्या संघाला बोलावणं होतं. ऑरिन गेला नाही. त्या शनिवारी त्यानं घरी वडिलांबरोबर गोठ्याचं छप्पर बदललं. कडाक्याच्या थंडीत छप्पर बदलायचं काही कारण नव्हतं, असं त्याची आई पुढं मला म्हणाली, पण बाप-लेक दोघंही वर चढले आणि अंधार पडेपर्यंत उतरले नाहीत.

पुढच्या उन्हाळ्यात त्याला पदवी मिळाली. तो पश्चिमेला गेला, डकोटात, तिथल्या एका शाळेत शेतकी शिकवायला. चाळिशीच्या आसपास लग्न केलं, एका परिचारिकेशी, वेरा नावाच्या. एक मुलगी झाली. शाळेचा संघ त्यानं कधी हाती घेतला नाही. विचारलं तर म्हणायचा, करण्याजोगं दुसरं बरंच आहे.

एकोणऐंशी सालच्या जुलैत मी तिकडून चाललो होतो म्हणून त्याच्याकडे एक रात्र राहिलो. वेरानं कोंबडी केली होती. जेवण झाल्यावर आम्ही दोघं बाहेर पायरीवर बसलो. ऊन कलत होतं आणि ओटच्या शेतावरून वारा येत होता. ड्वेनचं काय चाललंय ते मी सांगितलं; त्यानं बापाचं दुकान वाढवलं होतं आणि स्वतःही वाढला होता. कोच टेल्स्ट्रॉम वारले ते त्याला माहीत होतं.

"नॉर्बीला जातोस का कधी?" त्यानं विचारलं.

"दरवर्षी. शरदात."

"मैदान तेच आहे?"

"तेच. बाक नवे बसवलेत."

"लुएला येते?"

"येते. मुलगा खेळतो तिचा. धाकटा."

"काय खेळतो?"

"क्वार्टरबॅक व्हायचं होतं. पण कोचनं टोकाला ठेवलाय. पळतो चांगला."

ऑरिन पुढं वाकून बसला, कोपरे गुडघ्यांवर. "हात कसे आहेत त्याचे? झेलतो का?"

"झेलतो. बरेच."

मग तो त्या मुलाबद्दल विचारत राहिला. उंची किती, डावीकडून पळतो की उजवीकडून, मागं वळून बघतो का. मला जेवढं ठाऊक होतं तेवढं मी सांगितलं, आणि नव्हतं तेही थोडं सांगितलं. आतून वेरानं हाक मारली, डास चावतील, आत या म्हणून. तो "आलो" म्हणाला आणि तसाच बसून राहिला.